वॉल्टरची थाप

शॉमबर्ग, १२ ऑक्टोबर १९८५

प्रिय सुलूताई,

मिरजेहून तू पाठवलेलं मेतकूट पोचलं. विनयने ते चक्क टोस्टवर घालून खाल्लं आणि "नॉट बॅड, मॉम" म्हणाला. त्याच्याकडून एवढं म्हणजे खूप झालं. मी मजेत आहे. वृद्धाश्रमात आता दिवसपाळी मिळाली आहे, त्यामुळे विनय शाळेतून येतो तेव्हा मी घरी असते.

तिथल्या दोन म्हाताऱ्यांबद्दल तुला लिहायचं होतं. वॉल्टर उंच, बेनी बुटका, दोघंही ऐंशीच्या पुढचे, एकाच खोलीत राहतात. तरुणपणी ते व्होडव्हिलमध्ये होते. म्हणजे गावोगावच्या थिएटरांत एकाच तिकिटात गाणी, कसरती, नकला असं सगळं असायचं, त्यात हे जोडीने हसवायचे. वॉल्टर रागवायचा, बेनी धडपडायचा. वीस वर्षं असे आगगाडीतून फिरले. पुढे तसले खेळ बंद पडले आणि एकोणपन्नास साली शिकागोत टेलिव्हिजनवर त्यांना दर आठवड्याला पंधरा मिनिटं मिळाली. पण बेनीचा आवाज थिएटरच्या शेवटच्या रांगेसाठी कमावलेला. कॅमेरा हातभर अंतरावर असला तरी तो ओरडायचाच. तीन महिन्यांनी निर्मात्याने वॉल्टरला एकट्याला बोलावलं आणि सांगितलं, तू राहा, जोडीला दुसरा देतो. वॉल्टर नाही म्हणाला. बेनीला मात्र त्याने सांगितलं, की जाहिरातदार पळाला, कार्यक्रम बंद. मग दोघांनी मिळून भिंतींच्या रंगाचं दुकान टाकलं आणि पंचवीस वर्षं गिऱ्हाइकांना हसवलं.

हे वॉल्टरने मला ब्लडप्रेशर घेताना सांगितलं, बेनीला कळता कामा नये अशी शपथ घालून. आठच दिवसांनी मी बेनीला बागेत फिरवत होते, तेव्हा तो आपणहून म्हणाला, "थाप होती ती. मेकअपवाल्या मुलीने मला त्याच दिवशी सांगितलं होतं." मग इतकी वर्षं बोलला का नाहीत, असं मी विचारलं. "त्याला ते माझ्यासाठी करायचं होतं," तो म्हणाला, "मी करू दिलं." आणि कॉफी मागितली.

ताई, त्यांचं न बोलता चालतं, ते रोज समोरासमोर बसून जेवतात. आपलं तसं नाही. एकाहत्तर साली इथल्या हॉस्पिटलसाठी मुंबईत नर्सेसची परीक्षा झाली, आपण दोघी बसलो आणि तू नापास झाल्याचं सांगितलंस. आईला अर्धांगवायू झालेला, एकीला तिच्यापाशी राहणं भागच होतं. निघायच्या आदल्या दिवशी गादीखाली मला तुझा निकाल सापडला. माझ्यापेक्षा अकरा मार्क जास्त होते तुला. मी तो होता तसा ठेवला आणि विमानात बसले. चौदा वर्षं लिहीन लिहीन म्हणत राहिले. आता आई नाही, आणि मे महिन्यात तुला रजा आहे. सोबत तिकीट पाठवते आहे. मला माहीत होतं, ताई. ये.

तुझीच,
मालू