दुसऱ्या रकान्यातली हजेरी

सोमवार, ३ फेब्रुवारी २०२५

माझं पंचिंग मशीन आज भिंतीवरून उतरवलं. न विचारता! मुलुंडच्या या कारखान्याची हजेरी बावीस वर्षं मी सांभाळतेय, आणि शेठचा पुतण्या मिहिर स्क्रू ड्रायव्हर घेऊन सरळ कामाला लागला. जुन्याच्या जागी एक करडा डबा. कार्ड टेकवलं की आत कागदाच्या पट्टीवर छापलं जातं — तीन रकान्यांत.

"तीन कशाला रे?"

"पहिला आपला, मॅडम. बाकीचे दोन शेजारच्या मितींचे. तिथेही हाच कारखाना, हीच माणसं. तिथला वेळ हा डबा इथे नोंदवतो."

परदेशात शिकून आलाय म्हणे. मला काय खुळी समजतो? यात काहीतरी आहे. माणसं कमी करायची असतील. पहिली मीच.

४ फेब्रुवारी

पहिला रकाना माझ्या वहीशी तंतोतंत जुळतो. दुसऱ्यात वेळा थोड्या इकडेतिकडे. आणि सगळ्यात खाली — सुयोग राणे, ८.०२.

सुयोगला नोव्हेंबरात काढलंय. माझ्याच रिपोर्टवरून! हा कुणाचा चावटपणा?

५ फेब्रुवारी

आजही सुयोग. माझा संशय नितेशवर. लेथवर दोघं शेजारी-शेजारी उभे राहायचे. नोव्हेंबरपासून नितेश माझ्याशी धड बोलत नाही.

काय झालं होतं ते एकदा इथे लिहूनच ठेवते. १४ नोव्हेंबरला मी बहिणीला गाडीत बसवून द्यायला कुर्ला टर्मिनसला गेले होते. आठला फलाटावर सुयोग समोर! ऑफिसात येऊन बघते तर त्याची हजेरी आठचीच लागलेली. शेठसमोर म्हणाला, "गेलो होतो मॅडम, ते खोटं नाय बोलणार. पण कार्ड मी कुणाला दिलं नाय." मग लागली कशी? शेठनी तिथल्या तिथे काढलं.

मी योग्य तेच केलं.

६ फेब्रुवारी

नितेशला रंगेहाथ पकडायचंच म्हणून सातपासून डब्यासमोर बसले. चहासुद्धा तिथेच. सुयोगचं कार्ड माझ्या ड्रॉवरमध्ये आहे, कात्रीने मधोमध कापलेलं — तेही तपासलं. नितेश एकदाच आला, स्वतःचं कार्ड टेकवायला. "काय मॅडम, राखणीला बसलात?"

पट्टीवर सुयोग होताच.

शनिवार, ८ फेब्रुवारी

काल मुद्दाम रजा टाकली. कार्ड पर्समध्ये, पर्स घरच्या कपाटात, कपाटाची किल्ली कमरेला. आज आल्याआल्या शेठकडून किल्ली घेऊन कालची पट्टी काढली.

पहिला रकाना — मी गैरहजर. तिसरा — गैरहजर. दुसरा — पद्मजा कर्णिक, ७.५१.

तिकडची मी रजेवर नव्हती!

मिहिर स्वतःच छापतो म्हणावं, तर तो काल दिवसभर नाशिकला. डब्याला कुलूप, किल्ली शेठकडे. कुणाला सांगितलं नाही. सांगणार तरी काय?

सोमवार, १० फेब्रुवारी

रविवारभर एकच विचार. तिकडची नोंद चुकून इकडच्या रकान्यात पडली तर? आज मिहिरला गाठलंच.

"जुन्या मशीनमध्ये तू काही बसवलं होतंस का? नोव्हेंबरात?"

तो माझ्याकडे बघतच राहिला. मग म्हणाला, "हो. ट्रायल म्हणून. ऑक्टोबरपासून."

"म्हणजे तिकडच्या सुयोगची हजेरी इकडे लागली असेल?"

"लागू शकते, मॅडम."

म्हणजे सुयोग खरं बोलत होता. आणि मी —

जेवणाचा डबा तसाच घरी परत आणला.

१२ फेब्रुवारी

हाफ डे घेऊन विक्रोळीला गेले. चाळीत तिसऱ्या मजल्यावर खोली. दार सईने उघडलं, सुयोगच्या बायकोने. मला ओळखलं, पण आत या म्हणाली नाही. आत त्याची आई खोकत होती. सुयोग हल्ली एका सोसायटीत वॉचमन आहे. ड्यूटीवर निघायच्या तयारीत, अंगात गणवेश.

दारातच सगळं सांगितलं. डबा, रकाने, चूक मशीनची. हात जोडले त्याच्यापुढे. सई रडायलाच लागली. "मी सांगत होते ना सगळ्यांना, ह्यांनी कार्ड नाय दिलं म्हणून! कोणी ऐकलं नाय."

सुयोग मला सोडायला खाली आला. नळापाशी थांबला.

"मॅडम, कार्ड मीच दिलेलं. नितेशकडे."

मी वर तिसऱ्या मजल्याकडे पाहिलं.

"आई कणकवलीहून एकटी येत होती. तिला उतरवून थेट डॉक्टरकडे न्यायची होती, आणि रजा संपलेल्या. नितेशचं नाव घेतलं असतं तर तोपण गेला असता ना? सईला अजून माहीत नाय. पण तुम्ही हात जोडलेत… नाय राहवलं."

माझा संशय खरा निघाला. अगदी शंभर टक्के! मग रिक्षात बसल्यावर रडू कसलं आलं?

१३ फेब्रुवारी

शेठना पत्र दिलं. "१४ नोव्हेंबरची नोंद मिहिर यांनी जुन्या मशीनमध्ये बसवलेल्या यंत्रातील दोषामुळे झाली. सुयोग राणे यांनी कार्ड कोणालाही दिले नव्हते." खाली सही. आयुष्यातली पहिली खोटी नोंद.

सोमवार, १७ फेब्रुवारी

सुयोग लेथवर परत. शेठ सगळ्यांदेखत मिहिरवर ओरडले, "माणसाची नोकरी खाणारं यंत्र मला नको. आत्ताच्या आत्ता काढ!" मिहिरने स्टुलावर चढून डबा उतरवला. मी स्टूल धरलं होतं. खाली आला आणि हळूच म्हणाला, "मॅडम, जुन्या मशीनमध्ये मी काहीच बसवलं नव्हतं. ऑक्टोबरात हा डबा तयारसुद्धा नव्हता. तुम्ही विचारलंत, तेव्हा तुमच्या चेहऱ्याकडे बघून हो म्हणालो."