पहिल्या जेवणाची अट

मी, क्लारा अल्कालाई, निवृत्त इतिहास-प्राध्यापिका, राहणार नाहलाओत, जेरुसलेम, पूर्ण शुद्धीत आणि कुणाच्याही दबावाशिवाय हे लिहीत आहे. दबाव आणणारे माझ्याआधीच थकले.

घर मुलगा निसिम व सून तिर्झा यांना समाईक. पुस्तके विद्यापीठास. तुर्कस्तानातील इझमीरच्या जुन्या यहुदी धर्मन्यायालयांवरील माझ्या ग्रंथाची एक प्रत प्राध्यापक हालफोन यांना द्यावी. ते त्यावर वर्षानुवर्षे टीका करीत आले आहेत, आता एकदा वाचूनही पाहावा.

राहिला माझा धाकटा भाऊ राफाएल, धर्मन्यायाधीश. तिर्झा मूळची डेन्मार्कची, रीतसर यहुदी होऊन आमच्या घरात आली. राफाएलला तिचे धर्मांतर मान्य नाही, आणि आई यहुदी तरच मूल यहुदी, त्यामुळे तिच्या मुलीच्या, माझ्या तामारच्या, लग्नाचा कागद त्याच्या सहीवाचून अडला आहे. परधर्मीयाने रांधलेले त्याला वर्ज्य, म्हणून तिर्झाच्या हातचे तो खात नाही.

एकदा मी म्हटले, "अरे, पोरगी किती चांगली आहे."

"चांगली आहेच, ताई. पण नुसत्या चांगुलपणावर कसं भागेल? यहुदी असावी लागते."

"मी जन्मभर निवाडे वाचले रे. नव्याने धर्मात आलेल्याला आधी शेजारी जेवायला बोलावतात, मग न्यायाधीश कागद काढतात."

"तुला नुसतं वाचायचं असतं. निकाल मला द्यावा लागतो," असे म्हणून त्याने स्वतःचा डबा उघडला. माझ्याच टेबलावर.

म्हणून माझी इच्छा अशी. दफनाहून परतताच हे मृत्युपत्र मोठ्याने वाचावे. आमच्यात सुतक धरणाऱ्याने दफनानंतरचे पहिले जेवण स्वतःचे खायचे नसते, दुसऱ्याने द्यायचे असते. निसिमला शेजारीण वाढेल. राफाएलसाठी रीतीप्रमाणे उकडलेली अंडी आणि मसूर तिर्झाने रांधावेत व तिनेच वाढावेत. मृताचा शब्द पाळणे हे कर्तव्य आहे, हे मला त्यानेच शिकवले, न विचारता.

मृताच्या शब्दाने निषिद्ध अन्न खाण्याजोगे होत नाही, असे तो म्हणेल, आणि ते खरेच आहे. म्हणून त्याने घास घेतला, तर तिर्झा यहुदी आहे हे मानले असे धरून तामारच्या कागदावर सही घ्यावी. घास न घेतल्यास जबरदस्ती करू नये. तो हट्टी आहे, आणि माझा फार लाडका आहे.

राफाएल, तू रडशील हे मला ठाऊक आहे. रडून झाले की वर बघ. तामारची आई ताट घेऊन उभी असेल. तिला ताटकळत ठेवू नकोस.

सही: क्लारा अल्कालाई

साक्षीदार (दोघेही नात्यातले नाहीत, राफाएलला हरकत घ्यायला जागा नको):
१. याकोव पिंटो, भाजीविक्रेता
२. श्लोमो बेहार, घड्याळजी

जेरुसलेम, ९ नोव्हेंबर १९९३