हिरवी कापणी

ता. ४, सोमवार
संशोधन केंद्र, दुपार

ती. अक्का,

वाकून नमस्कार. तुझा गुडघा कसा आहे? दाजींचा खोकला थांबला का? मी ठीक आहे. फोन सोडून पत्र कशाला, असं विचारशील. फोनवर तू मला बोलू देतेस कुठे? तूच विचारतेस, तूच उत्तर देतेस आणि "बरं, ठेवते" म्हणून मोकळी होतेस. पत्रात निदान तुला मधे तोंड घालता येत नाही.

इथे लगीनघाई चालली आहे. पुढच्या आठवड्यात बाहेरच्या देशांतून पाहुणे येणार आणि त्याच दिवशी समिती बसून आपल्या गव्हाला मान्यता देणार. 'आपल्या' म्हणतो, कारण केंद्राबाहेर एवढ्या मोठ्या रानात हा वाण तूच पेरलास. मोठे साहेब रोज सकाळी माझ्या खांद्यावर हात ठेवून जातात. भिंतींना रंग झाला. वाटेच्या कडेच्या दगडांनाही चुना फासलाय, ते बिचारे ओशाळल्यासारखे दिसतात.

पाहुण्यांसमोर मला भाषण करायचं आहे. विषय साहेबांनीच दिला, 'माणसाने पीक कसं सुधारलं'. हजारो वर्षं आणि माझ्याकडे अर्धा तास! सुरुवात रानगव्हापासून करतो. त्याची ओंबी पिकली की फुटायची, दाणे मातीत सांडायचे आणि माणसाच्या हाती भुसा. मग कुणाला तरी न फुटणारी ओंबी दिसली. तिने ती घरी नेली. मी 'तिने' लिहिलंय. साहेब म्हणाले, "पुरावा काय?" मी म्हटलं, "माझी बहीण."

पुढे मग पाळीपाळीने पिकं घेणं आलं, पेरणीची पाभर आली, खत आलं. खत मिळाल्यावर गहू असा माजला की स्वतःच्याच वजनाने आडवा पडायला लागला. म्हणून बुटका शोधला. मी नोकरीला लागलो तेव्हा तू सगळ्यांना सांगायचीस, "आमचा धाकटा गव्हाची लग्नं लावतो, स्वतःचं सोडून." खोटं नव्हतं. चिमट्याने एका फुलातला पराग काढायचा, दुसऱ्याचा आणून टाकायचा, वर कागदी पिशवी घालायची. पण सोयरीक जमवायला किती लांब जावं लागतं! तुझ्या रानातल्या काडीचा बुटकेपणा समुद्रापलीकडचा, दाण्याचा रंग तिसऱ्याच मुलखातला, आणि रोगाशी झुंजायची ताकद एका डोंगरावरच्या गवताची. आपल्या घराण्यात कुणी एवढं फिरलेलं नाही.

भाषण पुरं होत नाही मात्र. दोन ओळी लिहितो, उठतो, प्लॉटकडे जातो, परत येतो, हात धुतो, बसतो. पुन्हा उठतो. शिपाईमामा म्हणतात, "साहेब, चपलेवर दया करा."

तुझं पीक कसं आहे? ओंब्या भरल्या? सगळ्यात वरचं पान हिरवं आहे ना? त्यावर बोट फिरवून बघशील? उगीच विचारतो. आणि हो, शेजारच्या काकूंना बी देईन म्हणाली होतीस, ते एवढ्यात कबूल करू नकोस. का ते नंतर सांगतो.

दाजींना नमस्कार.

तुझा
धाकटा


ता. ११, सोमवार
केंद्र, सकाळ

ती. अक्का,

नमस्कार. तुझी चिठ्ठी मिळाली. एवढ्या मोठ्या पत्राला एवढंसं उत्तर: "पान हिरवं आहे. बोट स्वच्छ आहे. गुडघा आहे तिथेच आहे. तुला काय झालंय ते लिही."

काही झालेलं नाही, असं लिहून मी कागद फाडला. मग हवापाण्याबद्दल लिहिलं, तोही फाडला. शिपाईमामा टोपली रिकामी करून गेले आणि जाताना त्यांनी माझ्याकडे असं बघितलं, जणू मीच कागदाचं पीक काढतोय.

तर ऐक. मागचं पत्र लिहिलं त्याच्या आदल्या दिवशी मी प्लॉटच्या टोकाला गेलो होतो. पाटाजवळ जिथे ओल जास्त राहते, तिथे. एका वरच्या पानावर केशरी ठिपके होते, मोहरीच्या निम्मेसुद्धा नाहीत. बोट फिरवलं तर बोटाला भुकटी लागली.

तांबेरा.

आपल्या गव्हावर हा रोग पडणार नाही, हीच तर त्याच्या मोठेपणाची गोष्ट होती. साहेबांनी फलकावर रंगवून घेतलीय. पण तांबेराही बदलत असतो, अक्का. आपण कुलूप बदलतो, तो किल्ली घासत बसतो. माणूस धान्य पेरायला लागला तेव्हापासून हे चाललंय, आणि आजवर कायमचं कुणीच जिंकलेलं नाही. हे मला पाठ आहे. भाषणातही लिहिलंय, चांगलं सजवून लिहिलंय. स्वतःच्या बोटावर भुकटी बघितली तेव्हा मात्र मी ती पँटला पुसली आणि आजूबाजूला कुणी आहे का ते बघितलं.

मनाशी म्हटलं, एकच पान आहे, दुसरं काही असेल. दुसऱ्या दिवशी शेजारची पानं होती. परवा सबंध वाफा. मी रोज जातो आणि रोज हात धुऊन येतो. मान्यता तेवढी होऊ दे, मग सांगू, असं मी खरंच ठरवलं होतं. मान्यता म्हणजे बी सगळीकडे जाणार, कुठल्या कुठे. ते कळत असूनही ठरवलं होतं.

आमच्या प्रयोगशाळेत सूक्ष्मदर्शकावर बसणाऱ्या बाई आहेत. कमी बोलतात. शनिवारी नळावर माझ्या शेजारी येऊन उभ्या राहिल्या.

"सर, साबण संपला का तुमच्याकडचा?"

"नाही, का?"

"नखं अजून केशरी आहेत."

मी हात खिशात घातले.

त्या म्हणाल्या, "मीही पाटाजवळ गेले होते. पान आणून बघितलं. नवा प्रकार आहे. आपल्या कुठल्याच नमुन्याशी जुळत नाही. तुम्ही सांगताय की मी सांगू?"

मी म्हटलं, "समिती होऊ दे."

त्या म्हणाल्या, "वारा समितीसाठी थांबणार आहे का?" आणि निघून गेल्या. काल रविवार होता. मी दिवसभर खोलीत येरझारा घातल्या. खालच्या बिऱ्हाडकरूंनी छताला काठीने ठोकलं.

मला मान्यतेची भीती नाही गं. गेली तर गेली. आयुष्याची सगळी चांगली वर्षं त्यात गेली, ती कुठल्याही समितीने परत दिली नसतीच. भीती तुझी वाटते. तू जुनं बी बाजूला सारून माझं पेरलंस. दाजी म्हणत होते अर्ध्यात पेरू, तू म्हणालीस, "भावावर अर्धा विश्वास कसा ठेवतात?" आता नियम असा आहे की प्रकार नवा असला आणि तो पसरण्याआधी सापडला, तर त्या वाणाचं पीक जिथे जिथे उभं असेल तिथे तिथे कापून टाकायचं. फवारून थांबायचं नाही. बाकीच्यांच्या शेतांना फवारणी, आणि आपला वाण भुईसपाट. तुझं पान आज हिरवं असेल. तरीही.

तुझं रान हिरवं असतानाच कापावं लागेल, अक्का.

लिहिलं एकदाचं. खिडकीतून बाई प्रयोगशाळेचं कुलूप काढताना दिसताहेत. त्या साहेबांकडे जायच्या आत मला जायचंय. पण आधी हे पत्र पेटीत टाकतो. एकदा टाकलं की परत काढता येत नाही, मग साहेबांच्या दारातून मलाही परत फिरता येणार नाही.

धाकटा


ता. २५, सोमवार
केंद्र

ती. अक्का,

नमस्कार. पोचलो. बस वेळेवर होती.

तुझ्याकडे होतो तेव्हा तू काही विचारलं नाहीस, मीही सांगितलं नाही. ते आता लिहितो. साहेबांनी माझं ऐकून घेतलं, चष्मा काढला, पुसला, परत घातला आणि विचारलं, "कधीपासून माहीत होतं?" मी खरा दिवस सांगितला. ते म्हणाले, "तेव्हाच सांगितलं असतंस तर मी तुझ्या बाजूने उभा राहिलो असतो. आता कसा राहू?" ओरडले असते तर बरं झालं असतं.

पाहुणे आले. मला वाटलं, भाषण दुसऱ्या कुणाला देतील. साहेब म्हणाले, "तूच कर. प्लॉटमध्ये उभा राहून कर." केलं. न फुटणारी ओंबी, पाभर, बुटका गहू सगळं गाळलं. पान तोडून वर धरलं आणि हा तांबेरा काय आहे, कधी दिसला आणि मी तो किती दिवस लपवला, एवढंच सांगितलं. दुभाष्याने शेवटचं वाक्य मला पुन्हा विचारून घेतलं, मग भाषांतर केलं. नंतर पिकल्या केसांची एक पाहुणी पान हातात घेऊन म्हणाली, "आमच्याकडेही हा येणारच. आता निदान वाट बघता येईल."

मला वाण विभागातून काढलंय. बाई तिथे प्रमुख झाल्या. योग्य झालं.

आता तुझ्या रानाबद्दल. मी आलो तेव्हा दाजी बांधावर होते आणि त्यांची पांढरी विजार गुडघ्यापर्यंत केशरी झाली होती. त्यांनी ती झटकली नाही, मला दिसेल अशी ठेवली. तू ट्रॅक्टरवर बसली होतीस. "आलास? बाजूला हो," म्हणालीस, आणि यंत्र सुरू केलंस. दाण्यात अजून दूध होतं. कापलेल्या हिरव्या काडाचा वास दिवसभर अंगाला चिकटून होता. काकू कुंपणापाशी येऊन बघून गेल्या. त्यांच्या रानात फवारणी चालली होती, त्यांचं वाचेल.

मी यंत्रापुढे चालत होतो. तू ओरडलीस, "पाय जातील, बाजूला हो!" मी झालो नाही. वाकून वाकून चालत होतो. शेवटी तू यंत्र थांबवलंस, खाली उतरलीस, माझ्या पाठीवर हात ठेवलास आणि म्हणालीस, "पुरे आता. रडून परत उभं राहणार आहे का? पाणी पी."

अक्का, मी रडत नव्हतो.

मी स्वच्छ झाड शोधत होतो. एवढ्या रानात एखादं तरी असं असेल, की ज्याच्या वरच्या पानाला काहीच झालेलं नाही. तुझं वर्षाचं पीक पडत होतं, तू दात आवळून चालवत होतीस, आणि मी यंत्रापुढे पळत पानं उलटत होतो, पुढच्या वाणासाठी. ज्या विभागात मी आता नाही, त्याच्यासाठी. तुझा हात पाठीवर होता तेव्हाही माझी नजर खालीच होती. सगळं रान बघितलं. एकही सापडलं नाही.

तुझ्या हाताखाली मी गप्प राहिलो, कारण तो हात मला हवा होता. पण तो दुसऱ्याच माणसासाठी होता. आता तुला तो काढून घ्यायचा असेल तर घे.

संध्याकाळी तू म्हणालीस, "माझ्या रानात परत काही आणू नकोस." मी "बरं" म्हटलं. डबा बांधलास, पण हातात दिला नाहीस, कठड्यावर ठेवलास. मी तो उचलून निघालो. फाटकापर्यंत वाटत होतं, हाक मारशील. मारली नाहीस, त्याबद्दल तक्रार नाही.

साहेबांनी मला नवं काम दिलंय. तुझ्यासारखे आणखी काहीजण आहेत, ज्यांनी थोड्या थोड्या रानात आपला गहू पेरला होता. त्यांना नोटीस गेलीय. नोटिशीमागून माणूस जायला हवा, तो मी. कापणी होईपर्यंत थांबायचं, शेजारच्यांना फवारणी कशी करायची ते दाखवायचं, पुढच्या गावी जायचं. बॅग भरून दाराशी ठेवलीय. बसवत नाही, म्हणून हे उभ्यानेच, कपाटावर कागद ठेवून लिहितोय. अक्षर वेडंवाकडं आलं असेल.

पहिलं घर एका विधुराचं आहे. त्याला मुलगी आहे, तीच शेत बघते. मी कोण, कुठून आलो, प्रवास कसा झाला, यातलं काही त्यांना आधी सांगणार नाही. दारात उभा राहून पहिल्याच वाक्यात सांगेन. तुला सांगायला मला दोन पत्रं लागली.

उत्तराची घाई नाही. मी फिरतीवर असेन, केंद्राच्या पत्त्यावर आलेलं मला मिळेल. नाही आलं तरी मी लिहीत राहीन.

ज्याने तुझं रान कापायला लावलं तो,
आणि तरीही तुझाच,
धाकटा