पूल आला, ताई

प्रिय क्वेई,

सोयासॉसची बाटली मिळाली. तूही मिळालास, या महिन्यात तिसऱ्यांदा. सोयासॉसचे रांजण उघडायच्या दिवसांत बाबा आजारी होते तेव्हासुद्धा आपलं शीलुओ गाव न सोडणारा तू, आता ताइचुंगला इस्पितळात हेलपाटे घालतोस, माझ्या खाटेशी बसून पेरू चिरतोस आणि बिया काढून मोठ्या फोडी मला देतोस. लहानपणी अर्ध्या पेरूसाठी माझ्या दंडाला चावला होतास, आठवतं का? पहिल्याच दिवशी माझ्या मनात पाल चुकचुकली.

"नुसती सूज आहे गं ताई, डॉक्टर म्हणाले उतरेल," असं म्हणतोस आणि खिडकीबाहेर बघतोस. अरे, मला सांगतोस? यकृताच्या कॅन्सरपायी उभा जन्म घालवलेल्या बाईला? तुझे ते डॉक्टर म्हणजे माझाच विद्यार्थी छ्यू. सुई कशी धरायची हे मी शिकवलंय त्याला. हल्ली तो येतो, नाडी धरतो, हवापाण्याचं बोलतो आणि जाताना तुला डोळ्यांनीच बाहेर बोलावतो. मग दार लोटलं जातं. पलीकडे काय बोलतात ते मला पाठ आहे. तिथे मीही उभी राहिले आहे, "आईला यातलं काही कळू देऊ नका हं, खचेल ती," असं म्हणणाऱ्या कितीतरी लेकरांसमोर.

मी नवी डॉक्टर होते तेव्हा न्येन नावाचे एक म्हातारे आले होते, समुद्रकाठी कालवं पिकवणारे. मुलाने त्यांना शेवटपर्यंत पोटातला व्रण म्हणूनच सांगितलं. ते मला विचारायचे, "डॉक्टरीणबाई, व्रण माणसाला एवढा खातो का हो?" मी छताकडे बघायची. शेवटचा श्वास घरच्या देवांसमोर जावा म्हणून त्यांना श्वासाच्या नळीसकट अँब्युलन्समधून घरी नेलं, हवेचा फुगा दाबायला मी सोबत. जीव वाटेत मागे राहू नये म्हणून मुलगा आपल्याकडच्या रिवाजाप्रमाणे कानाशी वाकून ओरडत होता, "बाबा, पूल आला, ओलांडतोय बरं का! बाबा, आता डावीकडे वळलो!" पठ्ठ्याने एक साकव चुकवला नाही. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला. रस्ता एवढा खरा सांगणाऱ्याला आजार सांगता आला नाही?

त्या रागावर मी जन्म काढला. आधी रोग्याला सांगा, मग घरच्यांना, म्हणून तैपेईत मंत्र्यांच्या टेबलांवर हात आपटले, कॅन्सरच्या औषधांनी टक्कल पडलेल्या बायांबरोबर फलक घेऊन उन्हात बसले. कायदा झाला, टाळ्या पडल्या. ज्या औषधापायी प्रयोगशाळेत माझं लग्नाचं वय गेलं, त्याने माणसं काही आठवडे जास्त जगली, तेही ओकाऱ्या काढत. आणि कायद्याचं काय झालं? माझाच विद्यार्थी, माझाच भाऊ आणि मध्ये लोटलेलं दार. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच. काहीही बदललं नाही, क्वेई. दिवसभर पडल्या पडल्या वाटतं, त्यापेक्षा मीही कालवंच पिकवली असती तर बरं झालं असतं.

छ्यूला रागावू नकोस, तो तुझंच ऐकतोय. मला काय झालंय ते मला ठाऊक आहे. पोटावर हात ठेवला की कळतं. तुझ्याशी बोलायला मी दोनदा तोंड उघडलं, तर दोन्ही वेळा तू लगबगीने दुसरा पेरू घेतलास. म्हणून लिहिते आहे. मला भीती वाटते रे, फार भीती वाटते, आणि ती सांगायला तुझ्याशिवाय माझं कोणी नाही. रविवारी येशील तेव्हा सुरी खाली ठेव. "ताई, तुला कॅन्सर आहे आणि तू यातून उठणार नाहीस," एवढं एकदा तुझ्या तोंडाने म्हण. मग दोघं मिळून रडू. नाहीतर एक दिवस तूही मला तसंच घरी नेशील, दादू नदीवर ओरडशील, "ताई, पूल आला," शीलुओच्या लाल पुलावर ओरडशील, "ताई, पोचलोच बघ," आणि मला वाटेल, हा सूज उतरेल असंही म्हणाला होता. मी तुझ्या हाकेला हलणार नाही. नदीच्या अलीकडेच राहीन.

दंडावर अजून तुझ्या दातांची खूण असलेली,
तुझीच ताई