वंश बुडालेल्या कुत्र्याचं पान

चि. धनराज यास खजुरीहून किशनकाकाचा आशीर्वाद. आम्ही दोघं बरे आहोत, तूर कमरेला लागलीय. तुझ्या पोटाची तक्रार मेसच्या जेवणानं जायची नाही, असं काकूचं मत आहे, तेही सोबत धाडतो.

गणपतीत आलास तेव्हा इथं विसरलेला जबडा कॉलेजला परत हवाय म्हणतोस. त्याची हकिगत ऐक. तेव्हा तू काकूला सांगितलंस, की हा लाखो वर्षांपूर्वी अमेरिकेत हाडं फोडून खाणारा प्राणी. आपल्या कुत्र्यांचा आजा नव्हे, चुलत घराण्यातला. त्याचा वंश बुडाला. आणि हा नुसता प्लास्टरचा नमुना. (शेवटचं तिनं ऐकलंच नाही. बायकांना महत्त्वाचं आधी सांगावं, हे लग्न झाल्यावर तुलाही कळेल.) तिनं एकच धरलं, "वंश बुडाला? म्हंजी त्याला घास कोण टाकायलंय?" मी म्हटलं, अगं, कुत्रा तो, तोही परदेशी. तर म्हणाली, "कामून? त्याला भूक न्हाई व्हय?"

सर्वपित्रीला तिनं जबडा अंगणात पाटावर मांडून पुढं पुरणपोळीचं पान वाढलं. (हाडं फोडणाऱ्याला पुरण? माझी शंका कुणी मनावर घेतली नाही.) शेजारच्या लिंगम्मानं हात जोडून विचारलं, "कोण वारलंय, अक्का?" काकू म्हणाली, "भावकीतलंच हाय." इतक्यात अण्णारावाचं कुत्रं आलं, पोळी गिळली आणि जबडा तोंडात धरून तुरीत पळालं. मी धोतर सावरत मागं. जबडा मिळाला, पण दोन दात कमी आहेत. काकू म्हणते, भावकीत वाटणीवरून एवढं चालायचंच.

मी पोट धरून हसलो. मग पाहिलं, तर ती रिकाम्या पाटापुढं हात जोडून तशीच बसली होती. आम्हाला मूलबाळ नाही, हा विषय आम्ही घरात काढत नाही. त्या दिवशीही काढला नाही. पण ती कुणाची काळजी करतेय हे मला कळलं, आणि फार वाईट वाटलं.

तुझा,
किशनकाका

ता.क. जबडा पोस्टानं पाठवणार नाही. न्यायला तूच ये.

पुन्हा ता.क. आमच्या मागं सर्वपित्रीला आमचं एक पान वाढशील का? तुझा यावर विश्वास नाही, ठाऊक आहे. मंत्र नकोत, भटजी नको. काकूच्या हातची पोळी आठवली तरी पुरे. वाढणार असशील तर आत्ताच तिला फोन करून सांग. मी लिहिलं म्हणून नव्हे, तुझं तुलाच सुचलं असं सांग.