पल्याडचं पंचांग

४ जुलै, अकोला
दुकानात युरियाला रांग. दुपारी रेवाचा अमरावतीहून फोन. वाटलं, होस्टेलच्या मेसची तक्रार असेल. तर म्हणे, "बाबा, आमी पल्याडचा खेळ बनवून राहिलो. पट, पत्ते, फासे, सगळं. कॉलेजच्या प्रदर्शनात मांडतो."
आमी म्हणजे ती आणि तिची रूममेट आकांक्षा, चांदूर रेल्वेची.
पल्याड आमचं आहे. रेवा लहान असताना दुकानाच्या जुन्या कॅलेंडरांच्या कोऱ्या बाजूवर आम्ही दोघांनी ते जग उभं केलं. दोन चंद्र. धाकटा थोरल्याच्या आड गेला की महिना बदलतो. महिन्यांची नावं माझी, कापसाच्या पिकावरून: उगवण, डवरण, पाती, बोंड, वेचा, पऱ्हाटी. रेवाच्या आईलाही त्यात कधी घेतलं नाही. आणि ही कोण आकांक्षा, सरळ आत.

९ जुलै
फोटो आले. आ.ची चित्रं चांगली आहेत. (पूर्ण नाव लिहायचा कंटाळा येतो, आ. पुरे.) थोरला चंद्र तिने पिवळा केला. आमचा निळा होता. रेवा म्हणते, निळा पटावर दिसत नाही. इतकी वर्षं बरा दिसत होता.
सौ.ला सांगितलं. भाकरी थापता थापता म्हणाली, "पोरीले मैत्रीण भेटली तं तुमच्या पोटात काहून दुखते?"
दुखतं. काय करू?

१३ जुलै
रेवाला फोन केला तर, "मंग बोलते बाबा, गिला वडा खाऊन राहिलो." मागे आ. खिदळत होती. अमरावतीचा गिला वडा म्हणजे मी आणि रेवा. तिच्या वाटची मिरची मी खायचो. आता कोण खातं विचारणार होतो, पण फोन ठेवला होता तिने.

१८ जुलै
रेवाचा फोन. "बाबा, ताण किती वर्षांनी येते? मले आठवत नाही, अन् कुठं लिहेलबी नाही."
ताण हा आमच्या पंचांगाचा जीव. बहार धरायचा तर संत्र्याच्या बागेचं पाणी तोडतात, झाड सुकल्यासारखं दिसतं, मग पाणी सोडलं की फुलतं. रेवाने ते एका बागेत पाहिलं आणि म्हणाली, पल्याडलेबी ताण पाह्यजे. मग मी बसवलं: दर तीन वर्षांनी दोन चंद्रांची गाठ चुकते, ते दिवस कुठल्याच महिन्यात धरायचे नाहीत. त्या दिवसांत कोणी काम करत नाही, भांडत नाही, कोणाचं वय वाढत नाही. ताण वेळेवर घातला नाही तर महिने मागे सरकतात आणि कापूस वेचायचा सण भर पावसात येतो.
सांगणारच होतो. तेवढ्यात म्हणाली, "आकांक्षा म्हणे, काकांले विचार, नाही तं मी हिशेब करून काढते."
काढते म्हणे.
मी म्हटलं, "चार वर्षांनी."
फोन ठेवला तेव्हा बरं वाटलं. संध्याकाळपर्यंत बरं वाटत होतं.

२६ जुलै
सौ.कडून कळलं, रेवा आणि आ. बोलत नाहीत. कशावरून ते तिलाही माहीत नाही. आनंद झाला. फवारणीचा पंप परत करायला आलेल्या गिऱ्हाइकाला चहा पाजला.

२९ जुलै
बोलायला लागल्या. जाऊ दे.

१० ऑगस्ट
प्रदर्शनाला गेलो होतो. बडनेऱ्याला उतरून ऑटो. यांच्याच टेबलाभोवती गर्दी. खेळता खेळता वेच्याचा सण पावसात आला. एक पोरगं ओरडलं, "अबे, वल्ला कापूस कोन वेचते?" रेवा शांतपणे म्हणाली, "पल्याडात वेचतात. मोठ्यायनं सांगितलं हाय." सगळे हसले. पटाच्या कोपऱ्यात ठसठशीत अक्षरात: पंचांग – बाबा. चित्रकाराचं नाव त्याखाली, बारीक.
रेवा चहा आणायला गेली. आ. पत्ते पिसत, मान खाली घालूनच म्हणाली, "काका, ताण तीन वर्षांनीच बसते. मी करून पाह्यलं. रेवा आयकतच नाही. म्हणे, माहे बाबा पंचांगात चुकत नाहीत. त्याच्यावरूनच तं आमचं भांडण झालं."
मी म्हटलं, "असं?"
"तुमाले माहीत असन."
चहा आला. प्यालो. गोड होता.
परतीच्या गाडीत स्वतःची लाज वाटली. आणि तिचा रागही. चूक पकडली ती पकडली, वर चारचौघांत गप्प बसली. माणसाने किती चांगलं असावं याला काही मर्यादा?

२० ऑगस्ट
खेळ नागपूरच्या स्पर्धेत जाणार. नियमांची पुस्तिका छापायची आहे. रेवा गणपतीतल्या महालक्ष्म्यांना घरी येतेय, आ.ला घेऊन. सौ. खूश. "पोरीले पोरगी सोबत."

१ सप्टेंबर
आज महालक्ष्म्यांचं जेवण. सकाळपासून आ. स्वयंपाकघरात, सौ.च्या हाताखाली. आंबील ढवळायला तिला दिली. रेवाला कधी देत नाही.
पानं वाढली. मी बसलो तर रेवा म्हणाली, "बाबा, उद्या नियम छापाले टाकतो. एकदा हिले तुमच्या तोंडानं सांगा. ताण चारच ना?"
आ. ताटाकडे बघत होती. तिने मान वर केली नाही.
म्हटलं, दुकानाचं कुलूप पाहून येतो. दुकान घराला लागूनच आहे, आणि आज उघडलंच नव्हतं.
गल्ल्यावर बसून हे लिहितोय. तीन म्हटलं तर रेवा विचारेल, मग चार का सांगितलं होतं. चार म्हटलं तर आ. मला सांभाळून घेईल, आणि पोरीच्या नावावर चुकीचं पंचांग नागपूरला जाईल.
सौ.ने दोनदा हाक मारली. आता रेवा दाराशी.
"बाबा, चाला ना. आकांक्षा घास घेऊन नाही राहिली. म्हणे, काका आल्यावर."