माहितीदाता क्रमांक तीन

३ जानेवारी, सकाळी ६.१०
आजपासून रोज पहाटे दोन तास पेपर. विषय पक्का : बँडवाल्यांचं संगीत, ओळख आणि वर्ग. सेमिनार २६ फेब्रुवारीला. डिपार्टमेंटमध्ये या विषयावर माझ्याइतका आतून बोलणारा प्राध्यापक नाही. आतून म्हणजे कुठून, ते तिथे कुणाला माहीत नाही. कोणी विचारलंच तर वडील संगीत क्षेत्रात होते, असं सांगतो. खोटं नाही. चाळीस वर्षं लग्नांत ट्रम्पेट वाजवणं हेही क्षेत्रच.

४ जानेवारी
उठलो नाही. पडल्या पडल्या चिंतन केलं.

१९ जानेवारी
मुलाखती तीन हव्यात. दोन बँडवाल्यांनी दहा मिनिटांत वाटेला लावलं. तिसरे बाबा. स्वयंपाकघरात बसून रेकॉर्ड केलं. म्हणाले, वाजवायचा कधी कंटाळा आला नाही, पण जेवायला मागच्या दाराने या म्हणायचे, ते लागायचं. जबरदस्त मुद्दा. पेपरचा कणाच.

२० जानेवारी
संमतीचा फॉर्म. ‘संशोधकाशी नातं’ या रकान्यात ‘नाही’ लिहिलं. शास्त्रीय अंतर राखावं लागतं. बाबांनी चष्मा लावून सही केली. बारीक अक्षर त्यांना दिसत नाही.

११ फेब्रुवारी
विभागप्रमुख मॅडमना मागचं दार फार आवडलं. म्हणाल्या, क्रमांक तीनला सेमिनारला आणा, पाच मिनिटं वाजवू दे. तब्येतीचं कारण सांगणार होतो, तोंडातून ‘नक्की’ निघालं. उद्या मॅडमना खरं सांगायचं.

१२ फेब्रुवारी
मॅडम कामात होत्या.

१३ फेब्रुवारी
मॅडम मोकळ्या होत्या. मी कामात होतो.

२५ फेब्रुवारी
ठरलं. सर्वांसमोर ‘हे माझे वडील’ म्हणायचं. आरशासमोर चारदा म्हणून पाहिलं, सहज जमलं. बहिणीचा फोन. म्हणाली, दादा, जमणार नसेल तर बाबांना नेऊच नकोस. तिला अ‍ॅकॅडमिक्स कळत नाही. बाबा बँडच्या लाल कोटाची बटणं घासत बसलेत.

२६ फेब्रुवारी, संध्याकाळ
बाबांना हॉलच्या मागच्या दाराने यायला सांगितलं होतं. पार्किंग तिकडे आहे. बाबा बसने आले.

मागच्या दाराचा परिच्छेद वाचताना मान वर केली, तर ते त्याच दारात कोट घालून उभे. ओळख करून देताना म्हणालो, आपले माहितीदाता क्रमांक तीन. बाबांनी सुरेख वाजवलं. सगळे उठून उभे राहिले. मग मॅडमनी त्यांना विचारलं, आमच्या प्राध्यापकांनी तुम्हाला शोधलं कसं? बाबांनी माझ्याकडे पाहिलं. मी पाण्याच्या बाटलीचं झाकण उघडत होतो. म्हणाले, सर स्वतः घरी आले होते, फार आपुलकीने चौकशी केली.

सर म्हणजे मी.

घरी विचारलं, असं का म्हणालात. कोटाची घडी घालता घालता म्हणाले, फॉर्मवर तसंच लिहिलं होतंस ना, म्हटलं उगाच तुझी पंचाईत नको. मेल्याहून मेल्यासारखं झालं.

२७ फेब्रुवारी, सकाळी ५.००
उठलो. पहिल्यांदाच. मॅडमना ई-मेल, एकच वाक्य : ते माझे वडील आहेत.

९.००
वाक्य अजून नीट बसत नाहीये. बाबा चहा घेऊन आले. खोलीचं दार उघडंच होतं, तरी बाहेर थांबले आणि विचारलं, आत येऊ का.